नखाएवढी सावली, सुपारीएवढा तुकडा

डिसेंबरात आमच्या कृष्णाकाठी गळीत हंगाम ऐन भरात असतो. त्या दिवसांत हाडांच्या ओपीडीत कोयत्याने कापलेली बोटं येतात, आणि बैलगाडीवरून किंवा ट्रॉलीवरून पडलेली लेकरं येतात. हा मुलगा त्यातलाच. वय ६, डावं कोपर. आईवडील बीडकडून तोडीला आलेले, दोघं मिळून एक कोयता, कारखान्याच्या माळावर पालाची झोपडी. फडातून निघालेल्या भरल्या गाडीच्या मागे लोंबकळताना त्याचा हात सुटला आणि तो डाव्या तळव्यावर पडला. आमच्याकडे आला तेव्हा पडून ८ दिवस झाले होते.

हे प्रकरण सविस्तर लिहायचं कारण असं की नऊ दिवसांत त्याच्या दुखापतीला चार नावं मिळाली. पहिल्या रात्री टोळीतल्या जाणत्या बाईने ‘मुका मार’ म्हटलं. दुसऱ्या दिवशी एका दवाखान्यात ‘चिप’ म्हटलं गेलं. आठव्या दिवशी मी माझ्या केसपेपरवर तिसरं नाव लिहिलं, आणि चौथं ऑपरेशन थिएटरमध्ये लिहिलं. प्रत्येक नावाबरोबर उपचार बदलले. त्याहून महत्त्वाचं म्हणजे पुढची तारीख बदलली.

“साहेब, लेकरू हात हालवीना,” आई सांगत होती. “मुका मार हाय म्हणले समदे. पलास्टर घातलं, पर सूज उतरंना. रात्रीचं ठणकतंय म्हणतंय.”

हातात कच्चं प्लास्टर होतं, कोपरामागे भिजून मऊ पडलेलं. पट्टी सोडली तसा आतला कापूस काळपट निघाला आणि पाचटाची बारीक कुसळं मांडीवर सांडली. कोपराच्या बाहेरच्या बाजूला हिरवट-पिवळा पडत चाललेला डाग होता, आतली बाजू जवळजवळ स्वच्छ. हा डाग मी नेहमी बघतो. दंडाचं हाड कोपराच्या वर आडवं मोडलं, म्हणजे सुप्राकॉन्डायलर फ्रॅक्चर झालं, तर सूज कोपराभोवती सगळीकडून येते. इथे सगळं एका बाजूला गोळा झालेलं होतं. बाहेरच्या बाजूचं रक्त असं कातडीखाली उतरलं असेल तर तिथलं मांसल आवरण फाटलेलं असण्याची शक्यता धरावी, आणि आवरण फाटलं असेल तर तुकडा जागेवर राहील याचा भरवसा धरू नये.

मग त्याला म्हटलं, “बाळा, मूठ आवळ. आता पंजा उघड. आता बोटांची कात्री कर. आता चिमटी धर, मिठाची धरतात तशी.” चारही केलं त्याने, जरा दबकत. एवढ्यात हाताच्या तिन्ही मुख्य नसा, म्हणजे मज्जातंतू, तपासून होतात. मनगटाची नाडी चांगली होती. शेवटी एका बोटाने कोपर दाबत गेलो. आतल्या बाजूला काही नाही, मागच्या टोकाला काही नाही, बाहेरच्या उंचवट्यावर बोट गेलं आणि त्याने आईचा पदर तोंडात धरला.

मुक्या माराची सूज आठव्या दिवशी उतरणीला लागते आणि मूल हात विसरून खेळू लागतं. हा मुलगा उजव्या हाताने डावा हात सांभाळून आत आला होता. मुलांच्या बाबतीत ही एक गोष्ट फोटोपेक्षा मोलाची असते.

आईकडे पहिल्या दवाखान्यातला फोटो होता (आमच्याकडे एक्स-रेला फोटोच म्हणतात). सोबत चिठ्ठी: लॅटरल (बाहेरच्या) बाजूला लहान चिप, डिस्प्लेसमेंट नाही (म्हणजे तुकडा सरकलेला नाही), १५ दिवसांनी दाखवा.

त्या डॉक्टरांना दोष द्यायला मी हे लिहीत नाही. फोटो काढला, हात बांधला, चिठ्ठी दिली. दंडाच्या हाडाच्या खालच्या टोकाला, बाहेरच्या कडेला नखाच्या कातरणाएवढा एक पापुद्रा सुटा दिसत होता. तो दिसला हेही कमी नाही, कारण पुष्कळदा तोही नजरेतून निसटतो. पण त्याला ‘चिप’ म्हटलं आणि तिथे गणित फिरलं. चिप म्हणजे कडेचा टवका. टवका उडाला तर घाई कसली? म्हणून १५ दिवस. याच पापुद्र्याला ‘लॅटरल कॉन्डाइलचं फ्रॅक्चर’, म्हणजे दंडाच्या हाडाच्या खालच्या टोकाचा बाहेरचा भागच मोडला, असं म्हटलं असतं तर पाचव्या ते सातव्या दिवशी पुन्हा फोटो ठरला असता. पहिल्या दिवशी जागेवर असलेला हा तुकडा प्लास्टरच्या आतही पहिल्या आठवड्यात सरकू शकतो. मनगटापासून वर येणारे, बोटं आणि मनगट उचलणारे स्नायू त्याच तुकड्यावर धरलेले असतात. मूल बोटं हलवत राहतं, ते स्नायू तुकडा ओढत राहतात.

आता तो पापुद्रा फोटोत एवढासा का दिसतो ते सांगायला हवं, कारण सगळा घोटाळा तिथेच आहे.

जन्मलेल्या बाळाच्या कोपराची टोकं जवळजवळ पूर्ण कूर्चेची असतात. त्यात हाडाचे ठिपके एकेक करून उमटतात. एकूण सहा, साधारण १, ३, ५, ७, ९ आणि ११ या वयांत, मुलींमध्ये थोडे आधी. आधी दंडाच्या हाडाचा बाहेरचा गोल भाग, म्हणजे कॅपिटेलम, मग रेडियसचं, म्हणजे अंगठ्याच्या बाजूच्या हाडाचं, डोकं, मग आतला उंचवटा, मग मधली खाचेची बाजू म्हणजे ट्रॉक्लिआ, मग कोपराचं मागचं टोक, आणि सगळ्यांत शेवटी बाहेरचा उंचवटा. या मुलाचं वय सहा. म्हणजे पहिले तीन दिसणार, ट्रॉक्लिआ अजून निव्वळ कूर्चा. आणि कूर्चा फोटोत उमटत नाही. कोवळ्या कैरीचा फोटो काढला तर कोय जेवढी धरली असेल तेवढीच दिसावी, बाकीची कैरी अदृश्य, असा हा प्रकार आहे. फोटोतल्या कातरणाला बाहेरचा कॅपिटेलम चिकटलेला असतो, त्याला सांध्याच्या पृष्ठभागाचा मोठा भाग चिकटलेला असतो, आणि पुष्कळदा ट्रॉक्लिआची कडही त्याच तुकड्यात गेलेली असते. दिसतो कातरणाएवढा, असतो अर्धा सांधा.

मुलांच्या हाडांची वर्गवारी मोठ्यांपेक्षा वेगळी ठेवावी लागते ती अशा कारणांनी. मुलाच्या हाडावरचं आवरण जाड असतं आणि हाड लवचिक. म्हणून मुलांचं हाड कधी नुसतं दबून फुगतं, त्याला बकल म्हणतात. कधी ओल्या फोकासारखं एका बाजूने चिरतं आणि दुसऱ्या बाजूने नुसतं वाकतं, ते ग्रीनस्टिक. कधी तर चीर कुठेच दिसत नाही आणि अख्खं हाड धनुष्यासारखं वाकलेलं असतं. या सगळ्यांत मूल बहुधा सुखरूप निघतं. खरी काळजी असते ती हाडाच्या टोकाजवळच्या वाढीच्या पट्टीची. कूर्चेची ही पातळ चकती हाडाची लांबी वाढवते, आणि तीच सगळ्यांत ठिसूळ.

या पट्टीच्या दुखापतींची जी वर्गवारी आज जगभर वापरतात ती टोरांटोच्या रॉबर्ट सॉल्टर आणि रॉबर्ट हॅरिस यांनी १९६३ साली मांडली. पाच प्रकार. पहिल्यात चीर फक्त पट्टीतून जाते. दुसऱ्यात पट्टीतून जाऊन वरच्या हाडाचा एक कोपरा घेऊन निघते, आणि हा सर्वांत जास्त आढळतो. तिसऱ्यात पट्टीतून खाली वळून सांध्यात उतरते. चौथ्यात वरचं हाड, पट्टी आणि सांध्याकडचं टोक असं तिन्ही चिरत आरपार जाते. पाचव्यात पट्टी चिरडते. ते पहिल्या फोटोत दिसत नाही, वाढ खुंटल्यावर कळतं. आकडा वाढेल तशी वाढ बिघडण्याची भीती साधारणपणे वाढते. निवासी डॉक्टर ही वर्गवारी पाढ्यासारखी म्हणतात आणि म्हणावीही, कारण घोटा असो की मनगट, ती उपयोगी पडते.

पण लॅटरल कॉन्डाइलपाशी ती अडखळते. आमच्या निवासी डॉक्टरने केसपेपरवर ‘सॉल्टर-हॅरिस ४’ लिहिलं होतं. चूक म्हणता येणार नाही. चीर वरच्या हाडातून निघाली, पट्टी ओलांडली, सांध्यात उतरली. मात्र घोट्याच्या आतल्या हाडाला ‘४’ म्हटलं की पुढचं वाक्य असतं, “पट्टी जुळून वाढ थांबेल, लक्ष ठेवा.” कोपरात तसं घडत नाही असं नाही, पण मुख्य धोका तो नाही. इथे मुख्य धोका हा की हाड जुळणारच नाही. मुलांचं हाड जुळत नाही हे ऐकायला विचित्र वाटतं, कारण सुप्राकॉन्डायलर फ्रॅक्चर तीन-चार आठवड्यांत गुण्यागोविंदाने जुळतं. लॅटरल कॉन्डाइलच्या फटीत सांध्याचं वंगण झिरपत राहतं, स्नायू तुकडा ओढत राहतात, आणि तुकड्याला हाडाचा पृष्ठभाग थोडा, कूर्चेचा जास्त. म्हणून तो जुळायला वेळ घेतो आणि कधी जुळतच नाही. ‘सॉल्टर-हॅरिस ४’ या नावातून यातलं काहीच कळत नाही.

दुसरी वर्गवारी हेन्री मिल्च यांची, १९६४ ची. चीर सांध्यात कुठे उतरली यावर ती बेतलेली आहे. कॅपिटेलममधून, ट्रॉक्लिआच्या खाचेच्या बाहेर उतरली तर प्रकार १. पट्टीकाठाने पुढे जात थेट ट्रॉक्लिआच्या खाचेत उतरली तर प्रकार २, आणि मुलांत हाच जास्त. दुसऱ्यात बाहेरचा आधारच तुटतो, म्हणून कोपर डळमळीत होतं. पुस्तकात ही आकृती सुरेख दिसते. पण ज्या वयात हे फ्रॅक्चर सर्वाधिक होतं, म्हणजे सहाच्या आसपास, त्या वयात ट्रॉक्लिआ फोटोत नसतेच. मग चीर खाचेच्या कोणत्या बाजूला उतरली हे साध्या फोटोवरून छातीठोकपणे सांगायचं कसं? माझ्या मते सांगू नये. शिवाय मिल्चचा आकडा कळला तरी आज ऑपरेशन करायचं की नाही हे त्यातून ठरत नाही.

ते ठरतं तुकडा किती सरकला आणि सांध्याची कूर्चा अखंड आहे का, या दोन प्रश्नांवर. याकोब आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७५ साली तीन पायऱ्या सांगितल्या. पहिलीत तुकडा जागेवर, सांध्याकडची कूर्चा बिजागरीसारखी धरून आहे. दुसरीत चीर सांध्यापर्यंत पूर्ण गेली आणि तुकडा सरकला. तिसरीत तो स्वतःभोवती फिरला. पूर्ण फिरलेला तुकडा मी पाहिलेला आहे, सांध्याचा गुळगुळीत पृष्ठभाग मोडलेल्या हाडाकडे तोंड करून बसलेला. २००९ साली वाइस आणि सहकाऱ्यांनी हेच मिलिमीटरमध्ये बांधलं: फट २ मिलिमीटरपेक्षा कमी तर प्रकार १, प्लास्टर पुरे. २ किंवा जास्त, पण कूर्चा अखंड, तर प्रकार २, न उघडता तारा. २ किंवा जास्त आणि कूर्चाही तुटलेली, तर प्रकार ३, उघडून बसवा. मला ही वर्गवारी सर्वांत जास्त पटते, कारण ती नाव देतानाच काम सांगते.

२ मिलिमीटर म्हणजे तांदळाच्या दाण्याची जाडी. हे अंतर कोणत्या फोटोत मोजायचं हाच प्रश्न असतो.

जुन्या फोटोत समोरून फट जेमतेम १ मिलिमीटर होती. पण तो फोटो हात वाकलेला असताना काढलेला, त्यामुळे समोरचं दृश्य खरं समोरचं नव्हतं. आमच्या टेक्निशियनला मी सांगितलं, प्लास्टर पूर्ण काढून कोपराचे तीन फोटो घे: समोरून, बाजूने आणि तिसरा हात आतल्या बाजूला ४५ अंशांत फिरवून. या तिसऱ्याला इंटर्नल ऑब्लिक म्हणतात. या फ्रॅक्चरची चीर मागच्या आणि बाहेरच्या बाजूने सुरू होते, आणि त्या बाजूकडे तोंड करणारा हाच एक फोटो. कोरियातल्या साँग आणि सहकाऱ्यांनी २००८ च्या कामात याच फोटोवर भर दिला होता. टेक्निशियन जुना, हाताचा हलका. त्याने मुलाला पालथ्या हाताने टेबलावर ‘भाकरी थाप’ असं सांगितलं आणि तेवढ्या क्षणात बटण दाबलं.

समोरच्या फोटोत फट २ मिलिमीटरच्या आत-बाहेर. बाजूच्या फोटोत मागे चरबीची काळी सावली उचललेली, म्हणजे सांध्यात रक्त किंवा पाणी. तिसऱ्या फोटोत फट साडेतीन ते चार मिलिमीटर, आणि ती खाली सांध्याच्या दिशेने उघडत गेलेली. एकच कोपर, एकच सकाळ, आणि दोन फोटोंत दोन उत्तरं. केसपेपरवर मी लिहिलं: डावं लॅटरल कॉन्डाइल, आठवा दिवस, याकोब २, कूर्चा तपासायची. हे तिसरं नाव.

आईवडिलांना समोर बसवलं. बाप गप्प, आईच बोलत होती.

“ताई, हाड सरकलंय. भूल देऊन बसवावं लागेल, तारा घालाव्या लागतील.”

“आन् नाही केलं तर? आपोआप नाही व्हायचं?”

हा प्रश्न प्रत्येक आई विचारते आणि त्याला खरं उत्तर द्यावं लागतं. मी त्यांना एका शिंप्याची गोष्ट सांगितली. चाळिशीचा माणूस, करंगळीला मुंग्या येतात, सुई हातातून निसटते म्हणून आला होता. उजवं कोपर बाहेरच्या बाजूला झुकलेलं. लहानपणी झाडावरून पडला होता, हाडवैद्याने कामट्या बांधून महिनाभर हात गळ्यात ठेवला होता, दुखणं थांबलं आणि सगळे विसरले. तो तुकडा कधीच जुळला नव्हता. कोपर वर्षावर्षाने बाहेर झुकत गेलं आणि आतल्या बाजूने जाणारी नस दरवर्षी थोडी थोडी ताणली गेली. अंगठा आणि तर्जनीच्या मध्ये मी कागद धरायला दिला आणि ओढला, तो सहज सुटून आला. अंगठा आणि तर्जनीच्या बेचक्यात, हाताच्या मागच्या बाजूला, जिथे मांस उठून दिसायला हवं तिथे खळगा होता.

“तीसेक वर्षांनी?” बापाने पहिल्यांदाच तोंड उघडलं.

“हो भाऊ. म्हणून आज फसवणूक होते. आज नुसती सूज दिसते.”

त्यांच्या अडचणी खऱ्या होत्या. उचल घेतलेली, दिवस बुडाला तर हिशेबात लागतो, टोळी आठ-दहा दिवसांत पुढच्या गावच्या फडावर जाणार, रेशनकार्ड गावाकडे. मुकादमाशी मी स्वतः फोनवर बोललो. हे वैद्यकीय प्रकरणात कशाला, असं कुणाला वाटेल. पण माझ्या मते वर्गवारीचा निम्मा उपयोग इथे असतो. समजा तुकडा दीड मिलिमीटर सरकलेला असता. शहरातल्या मुलाला मी प्लास्टर घालून दर आठवड्याला फोटोला बोलावलं असतं. ज्या मुलाचं घरच आठ दिवसांनी हलणार आहे, त्याला ‘दर आठवड्याला या’ म्हणणं म्हणजे न येण्याची सोय करणं. अशा वेळी सीमेवरच्या फ्रॅक्चरला तारा घालण्याकडे माझा कल असतो आणि तसं मी घरच्यांना उघड सांगतो. या मुलाच्या बाबतीत तेवढी ओढाताण नव्हती, फट सरळसरळ सीमेपलीकडे होती. आठवा दिवस हीही जमेची बाजू. तीन आठवडे उलटले असते तर तुकडा भोवतीच्या नव्या मांसात रुतला असता, सोडवताना त्याचा रक्तपुरवठा तुटण्याची भीती होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी भूल दिली. आधी सांध्यात सुईने थोडं डाय, म्हणजे फोटोत उमटणारं द्रव, सोडलं आणि सी-आर्मखाली, म्हणजे थिएटरमधल्या चालत्या एक-रेखाली, बघितलं. कूर्चा अखंड असती तर डाय सांध्याच्या गोलाईभोवती एकसारख्या रेघेत थांबलं असतं, आणि मी न उघडता बाहेरून तारा घातल्या असत्या. तसं झालं नाही. डाय फटीत शिरलं आणि काळ्या धाग्यासारखं वर चढत गेलं. कूर्चा तुटलेली. वाइस ३. हे चौथं नाव, आणि ते मिळाल्यावर उघडण्यात संकोच राहिला नाही.

बाहेरच्या बाजूने साधारण ५ सेंटिमीटरचा छेद घेतला. आठ दिवसांचं गोठलेलं रक्त जांभळ्या रसासारखं निघालं, ते सलाईनने धुतलं. आणि मग तुकडा दिसला. फोटोत नखाच्या कातरणाएवढी सावली होती. इथे सोललेल्या अख्ख्या सुपारीएवढा तुकडा होता, एक बाजू खरबरीत लालसर हाडाची आणि बाकी सगळा पांढरा, चकचकीत, शहाळ्यातल्या मलईसारखा निळसर छटेचा. आमची निवासी डॉक्टर माझ्या समोर उभी होती. तिने स्क्रीनवरच्या फोटोकडे पाहिलं, परत जखमेत पाहिलं आणि म्हणाली, “सर, हा तोच?” तोच.

इथे एक काळजी कायम घ्यावी लागते. या तुकड्याला रक्त मागच्या बाजूने मिळतं. म्हणून मागचं मांस सोडवायचं नाही, कितीही सोयीचं वाटलं तरी. पुढून बघायचं, पुढूनच बसवायचं. फटीतलं जेलीसारखं मऊ नवं मांस हलक्या हाताने काढलं आणि तुकडा त्याच्या खाचेत ढकलला. बसला की नाही हे हाडाच्या कडेवरून ठरवू नये, कारण ती कड पडतानाच थोडी चुरते आणि फसवते. सांध्याच्या कूर्चेची रेघ बघायची. ती सलग झाली, बोटाला पायरी लागेनाशी झाली, तेव्हा १.६ मिलिमीटरच्या दोन गुळगुळीत तारा (के-वायर) एकमेकींपासून फाकत जातील अशा घातल्या. एक तिरकी वर, समोरच्या हाडाच्या भिंतीपर्यंत. दुसरी बरीचशी आडवी. दोन्ही टोकं कातडीबाहेर वाकवून ठेवली, म्हणजे काढायला पुन्हा भूल लागत नाही. वर कोपर काटकोनात ठेवून प्लास्टर.

ऑपरेशनच्या नोंदीत चीर ट्रॉक्लिआच्या खाचेत उतरली होती असं लिहिलं, म्हणजे मिल्च २, डोळ्यांनी पाहून. निवासी डॉक्टरांना त्या दिवशी मी एवढंच सांगितलं की नोंदीत चारही नावं लिहा आणि प्रत्येकापुढे ते कोणत्या फोटोवरून किंवा कशावरून दिलं तेही लिहा. एओ या हाडांच्या सर्जनांच्या आंतरराष्ट्रीय गटाने मुलांसाठी केलेल्या सांकेतिक पद्धतीत दंडाला १, खालच्या टोकाला ३ आणि सांध्याकडच्या भागाला ई असं अक्षर आहे. नोंदवहीसाठी तीही टाकली.

टोळी पुढे गेली, पण आई मुलाला घेऊन मागे थांबली, एका ओळखीच्या कोपीवर. नंतर टोळीतल्या एका बाईने तिच्या वाटची तोड केल्याचं कळलं. पाचव्या आठवड्यात फोटोत फटीवर हाडाची साय धरलेली दिसली, तशा ओपीडीतच तारा काढल्या. मुलगा रडला, पण तारांपेक्षा पक्कड बघून जास्त. आईला निक्षून सांगितलं: चोळायचं नाही, तेल लावून ओढायचं नाही, वजन लटकवून हात सरळ करायचा नाही. मुलांचं कोपर वापरातून सैल होतं. जोर लावून चोळलं तर भोवतीच्या मांसात हाड धरण्याची भीती असते आणि मग ते कायमचं अडतं. तिने विचारलं, “मंग कायच करायचं नाही?” म्हटलं, दोन्ही हातांनी जेवू द्या, खेळू द्या. मार्चमध्ये टोळी गावाकडे निघण्याआधी दाखवायला आली तेव्हा हात सरळ व्हायला १५ अंश कमी होता, वाकत पूर्ण होता.

पुढच्या डिसेंबरात ती पुन्हा आली, न बोलावता. काळजी एकच, कोपराच्या बाहेरच्या बाजूला हाताला लागणारा एक उंचवटा. “साहेब, हाड परत निसटलं का काय?” दोन्ही हात समोर धरायला लावले. दोन्ही कोपरं सारखीच झुकलेली. हात सरळ व्हायला पाचेक अंश कमी, तेही मोजल्यावर कळणारे. फोटो काढला. उंचवटा म्हणजे बाहेरच्या कडेला वाढलेलं जास्तीचं हाड. तुकडा सुटताना तिथलं आवरण उचललं जातं आणि त्याखाली हाड धरतं. या फ्रॅक्चरनंतर ते पुष्कळ मुलांत दिसतं आणि त्याला काही करावं लागत नाही. फट पूर्ण जुळलेली होती. मी तिला स्क्रीनवर बोट ठेवून दाखवलं. मुलगा तोवर टेक्निशियनच्या टेबलाखाली शिरला होता.

त्याच फोटोत आणखी एक गोष्ट होती, ती आईला नाही, निवासी डॉक्टरला दाखवली. मुलगा आता सात वर्षांचा. गेल्या वर्षी जिथे काहीच दिसत नव्हतं तिथे ट्रॉक्लिआचे दोन-तीन बारीक ठिपके उमटले होते. ते पुढे एकत्र येतात की मध्ये खाच राहून हाडाचं टोक माशाच्या शेपटीसारखं दुभंगतं, हे अजून दोन-तीन हंगाम बघायचं आहे. केसपेपरवर लिहिलं: पुढच्या डिसेंबरात, दोन्ही कोपरांचे फोटो.